डायलिसिसचा खर्च कोणी उचलायचा? एका जुन्या वादाची पार्श्वभूमी

जुनाट आजारांच्या रुग्णालयीन खर्चावरून आज जे वाद होतात, त्यांतले बरेचसे किडनीच्या रुग्णांच्या निमित्ताने आधीच होऊन गेले आहेत. हृदयविकार, मधुमेह, कर्करोग यांचे रुग्ण संख्येने कितीतरी जास्त. पण आठवड्यातून तीनदा, मरेपर्यंत यंत्राला जोडून घ्यावं लागणारा रुग्ण विमावाल्यांच्या आणि सरकारच्या हिशेबात प्रथम आला तो १९६० नंतर.

त्याआधीच्या विमा योजना बऱ्या होणाऱ्या माणसासाठी होत्या. जर्मनीतल्या १८८३ च्या कायद्याने कामगारांना आजारपणात पैसे आणि उपचार मिळू लागले, पण १३ आठवड्यांपुरते. ब्रिटनच्या १९११ च्या कायद्यात आजारपणाचा भत्ता २६ आठवडे मिळे आणि रुग्णालयाचा खर्च, क्षयरोग्यांचा अपवाद वगळता, धरलेलाच नव्हता. अमेरिकेत डलासमधल्या एका रुग्णालयाने १९२९ मध्ये शिक्षकांसाठी योजना काढली. महिन्याला ५० सेंट भरायचे, त्या बदल्यात वर्षाला २१ दिवस रुग्णालयात राहण्याची सोय. २१ दिवसांत अपेंडिक्सचं ऑपरेशन उरकतं. बाविसाव्या दिवशीही दुखणं तसंच असेल तर पुढे काय, याला त्या योजनेत उत्तर नव्हतं. तशी अपेक्षाही कोणाची नसावी, कारण अशा बहुतेक रुग्णांसाठी रुग्णालयाला करता येण्यासारखं फार काही नव्हतंच.

डायलिसिसचं, म्हणजे किडनीऐवजी रक्त शुद्ध करणारं यंत्र १९४३ पासून होतं. अडचण होती ती रक्तवाहिन्यांची. दर खेपेला धमनी आणि शीर नव्याने कापून नळ्या घालाव्या लागत आणि हातापायांवर अशा जागा मोजक्याच. त्यामुळे किडनी तात्पुरती बंद पडलेल्यांनाच यंत्र लावत. मार्च १९६० मध्ये अमेरिकेतल्या सिएटलच्या एका डॉक्टरने रुग्णाच्या हातावर टेफ्लॉनची नळी बसवली. एक टोक धमनीत, दुसरं शिरेत आणि मधला वळसा कायम कातडीबाहेर. आता तीच जागा पुन्हा पुन्हा वापरता येऊ लागली. तो पहिला रुग्ण पुढे ११ वर्षं जगला. जो आजार काही आठवड्यांत माणसाला नेत असे तो वर्षानुवर्षं चालू लागला आणि बिलही त्याच्याबरोबर चालू राहिलं.

सिएटलमध्ये १९६२ साली रुग्णालयाबाहेर वेगळं डायलिसिस केंद्र निघालं. एका रुग्णाचा वर्षाचा खर्च दहा हजार डॉलरच्या वर आणि जागा थोड्या. डॉक्टरांनी आधी वैद्यकीय चाळणी लावली. तिच्यात पंचेचाळिशीच्या पुढचे आणि लहान मुलं गळली. उरलेल्यांची यादी सात नागरिकांच्या समितीकडे गेली. त्यात वकील, धर्मगुरू, बँकवाला, गृहिणी, सरकारी अधिकारी, कामगार नेता आणि एक सर्जन होता. सगळ्यांची नावं गुप्त. उमेदवाराचं वय, लग्न, पदरी मुलं किती, उत्पन्न, शिक्षण, नोकरी, स्वभाव असं सगळं समितीपुढे येई. चर्चमध्ये आणि समाजकार्यात पुढे असणाऱ्याचं पारडं जड होई. खर्चाची तजवीज आहे का, हेही विचारात घेतलं जाई. एका साप्ताहिकाने हे छापल्यावर गहजब झाला.

समितीला नावं ठेवणं सोपं आहे. इतर गावांतही निवड होतच होती, फक्त ज्याच्याकडे पैसा किंवा ओळख त्याचा नंबर लागे आणि त्याची नोंद कुठे होत नसे. सिएटलने ती नोंद ठेवली आणि शिव्या खाल्ल्या.

अमेरिकी सरकारने नेमलेल्या तज्ज्ञांनी १९६७ मध्येच सांगितलं होतं की हा उपचार आता प्रयोग राहिलेला नाही, सरकारने त्याचा खर्च उचलावा. पुढची काही वर्षं त्यावर काही झालं नाही. ४ नोव्हेंबर १९७१ रोजी अमेरिकी संसदेच्या एका समितीपुढे, सुनावणीच्या खोलीतच, एका रुग्णाने यंत्र लावून घेतलं. दोन मुलांचा बाप, व्यवसायाने विक्रेता. काही मिनिटांतच यंत्र थांबवावं लागलं. या प्रसंगानेच कायदा झाला असं अजूनही सांगतात. मला ते पटत नाही. कायद्यापर्यंत अजून जवळजवळ वर्ष जायचं होतं आणि प्रत्यक्षात जे घडलं ते बरंच निरस आहे. ३० सप्टेंबर १९७२, शनिवार. एका भल्यामोठ्या सामाजिक सुरक्षा विधेयकाला सिनेटमध्ये, म्हणजे संसदेच्या वरच्या सभागृहात, किडनीच्या रुग्णांसाठी दुरुस्ती सुचवली गेली, अर्धा तास चर्चा झाली आणि ५२ विरुद्ध ३ मतांनी ती मंजूर झाली. १ जुलै १९७३ पासून किडनी निकामी झालेल्या जवळजवळ प्रत्येकाला, वयाची अट न लावता, ज्येष्ठांसाठीच्या सरकारी विम्यात घेतलं गेलं.

किडनीच का, हा प्रश्न त्याच अर्ध्या तासात निघाला होता. हिमोफिलियाच्या (रक्त नीट न गोठण्याच्या आजाराच्या) आणि कर्करोगाच्या रुग्णांनी काय पाप केलं? सर्वांसाठीचा राष्ट्रीय विमा येतोच आहे, तोवर एका आजारावर करून बघू, अशी अनेकांची समजूत होती. तो विमा आला नाही. चाळिशीतल्या माणसाची किडनी गेली तर सरकार पाठीशी, हृदय कमजोर झालं तर त्याचं तो बघेल, अशी स्थिती झाली. या निर्णयाने हजारो जीव वाचले हे खरंच. पण आजारांमधला अग्रक्रम विचारपूर्वक ठरवला गेला, असं त्याला म्हणता येत नाही.

खर्च अंदाजापलीकडे जायला कारण साधं होतं. पैशांची अडचण संपताच चाळणीही संपली. ज्यांना पूर्वी दारातूनच परत पाठवत ते म्हातारे आणि मधुमेही आत आले. सुरुवातीचे सुमारे दहा हजार रुग्ण पुढे पाच लाखांवर गेले. त्या सरकारी विम्याच्या लाभार्थ्यांत किडनीच्या रुग्णांचं प्रमाण एक टक्क्याच्या आसपास आणि खर्चातला वाटा सात टक्क्यांच्या घरात, असं चित्र तयार झालं.

मग दर बांधणं आलं. १९८३ पासून एका डायलिसिसला साधारण १३० डॉलर ठरले आणि महागाई वाढत असताना तो आकडा वर्षानुवर्षं जवळपास तसाच राहिला. केंद्रांनी वेळ कमी केला, एकदा वापरलेले फिल्टर धुऊन त्याच रुग्णाला पुन्हा लावले, नर्सच्या जागी तंत्रज्ञ नेमले. रक्त वाढवणारं इंजेक्शन १९८९ मध्ये आलं, त्याचं बिल मात्र वेगळं लावता येई. डोस चढत गेले. जास्त डोसने धोका वाढतो असा इशारा २००७ मध्ये मिळाला. २०११ पासून इंजेक्शन ठरलेल्या दरातच धरलं आणि डोस उतरले. घरी डायलिसिस करणाऱ्यांचं प्रमाण कायद्याआधी ४० टक्क्यांच्या आसपास होतं. केंद्राचे पैसे सरकार देऊ लागल्यावर काही वर्षांतच ते कितीतरी खाली आलं.

बाकीच्या देशांपुढेही हाच हिशेब आला. दक्षिण आफ्रिकेत १९९७ साली डर्बनच्या ४१ वर्षांच्या बेरोजगार रुग्णाचा खटला सर्वोच्च पातळीवर गेला. खाजगी उपचारांचे पैसे संपल्यावर तो सरकारी रुग्णालयात आला होता. तिथे यंत्रं २० आणि प्रत्यारोपण होऊ शकेल अशांनाच प्राधान्य. त्याला हृदयविकार असल्यामुळे तो नियमात बसेना. आणीबाणीचे उपचार कोणालाही नाकारता येणार नाहीत, असं राज्यघटनेत लिहिलेलं होतं. न्यायालय म्हणालं, रोज खालावत जाणारी जुनाट प्रकृती ही आणीबाणी नव्हे. निकालानंतर थोड्याच दिवसांत तो वारला.

थायलंडने २००२ मध्ये सर्वांसाठी विमा आणला तेव्हा डायलिसिस खर्चामुळे बाहेर ठेवलं. २००८ मध्ये घेतलं ते अशा अटीवर की आधी पोटात द्रव सोडून, यंत्राविना घरच्या घरी करायचा प्रकार. ज्याला त्याऐवजी यंत्रच हवं त्याने पदरचे पैसे मोजावेत. २०२२ मध्ये ही अट काढून निवड रुग्ण आणि डॉक्टरांवर सोपवली आणि नव्या रुग्णांचा ओघ बघता बघता यंत्राकडे वळला.