निवृत्तांकडून होणारी वसुली: नुकसानीची आणि अतिप्रदानाची

निवृत्तीनंतर कार्यालयाकडून 'वसुली'चे पत्र आले की त्यातील रक्कम आधी पाहिली जाते आणि कारण मागाहून. वास्तविक शासकीय वसुलीचे दोन निराळे प्रकार आहेत. कर्मचाऱ्याच्या निष्काळजीपणामुळे शासनाचे झालेले नुकसान हा एक, आणि कार्यालयाच्या चुकीमुळे कर्मचाऱ्याला जादा मिळालेले वेतन, म्हणजे अतिप्रदान, हा दुसरा.

पहिल्यासाठी रायगडच्या खाडीकाठची खारबंदिस्ती, म्हणजे खारे पाणी शेतात येऊ नये म्हणून घातलेला बांध, डोळ्यांसमोर आणावी. उघाडीच्या, म्हणजे बांधातील पाणी सोडण्याच्या दाराच्या, झडपा कुजल्याचा अहवाल हाती असूनही संबंधित अभियंत्याने तो दाबून ठेवला, पुढच्या उधाणात बांधाला खांड (भगदाड) गेली, खारे पाणी भातशेतीत शिरले आणि बांध शासनाच्या खर्चाने पुन्हा घालावा लागला, असे समजू. दरम्यान तो अभियंता निवृत्त झाला, तरी एवढ्याने तो सुटत नाही. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, 1982 मधील नियम 27 नुसार, सेवाकाळातील गंभीर गैरवर्तणूक किंवा निष्काळजीपणा विभागीय वा न्यायालयीन कार्यवाहीत सिद्ध झाल्यास शासन निवृत्तिवेतन पूर्णतः किंवा अंशतः रोखू शकते आणि झालेले आर्थिक नुकसान त्यातून वसूल करण्याचा आदेश देऊ शकते.

मात्र येथे 'सिद्ध झाल्यास' या शब्दांवरच सारी भिस्त आहे. कार्यकारी अभियंत्याने आकडा काढून नोटीस धाडली, एवढ्याने वसुली उभी राहत नाही. दोषारोपपत्र, बचावाची संधी आणि चौकशीतील निष्कर्ष या पायऱ्या टाळता येत नाहीत. चौकशी सेवेत असतानाच सुरू झाली असेल तर ती निवृत्तीनंतरही पुढे चालते. तशी नसेल तर शासनाची मंजुरी लागते आणि कार्यवाही सुरू होण्यापूर्वी 4 वर्षांहून अधिक काळ आधी घडलेल्या घटनेबद्दल ती सुरूच करता येत नाही. हा काळ निवृत्तीच्या तारखेपासून मोजला जातो असा समज सर्रास आढळतो. तो चुकीचा आहे. घटना कधी घडली आणि दोषारोपपत्र कधी दिले गेले, या दोन तारखांमधले अंतर पाहायचे असते. त्यातही उधाण, निधीचा अभाव आणि वरिष्ठांची दिरंगाई वगळून या अभियंत्याच्या वाट्याला नेमके किती नुकसान येते, हे ठरवणे चौकशीतील सर्वांत अवघड काम असते, आणि माझ्या मते तेच सर्वांत घाईने उरकले जाते.

जेथे असा नियमच नाही, तेथे निवृत्तीनंतर चौकशी चालवण्याचा अधिकारही उरत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने भगीरथी जेना प्रकरणात 1999 मध्ये एका वित्तीय महामंडळाच्या संदर्भात स्पष्ट केले.

अतिप्रदानाची गोष्ट निराळी. देवगडच्या एखाद्या लिपिकाचे सेवापुस्तक निवृत्तीच्या तोंडावर पडताळणीसाठी नवी मुंबईतील कोकण भवन या शासकीय कार्यालयात जाते आणि जुनी वेतननिश्चिती चुकल्याचा शेरा घेऊन परत येते. येथे लिपिकाचा ना दोष असतो, ना निष्काळजीपणा. त्यामुळे नियम 27 चा प्रश्नच येत नाही. पंजाब राज्य विरुद्ध रफीक मसीह या 2014 च्या निर्णयानुसार गट क व गट ड मधील कर्मचारी, निवृत्त झालेले किंवा वर्षभरात निवृत्त होणारे, तसेच 5 वर्षांहून अधिक काळ जादा रक्कम मिळत गेलेले, यांपैकी कोणाकडूनही अशी वसुली करता येत नाही. नुकसानीच्या प्रकरणात निवृत्ती ढाल ठरत नाही, येथे ती बहुतेक वेळा ठरते. अपवाद हमीपत्राचा. जादा रक्कम परत करीन असे वेतननिश्चितीच्या वेळी लिहून दिलेले असेल, तर 2016 च्या जगदेव सिंग निर्णयामुळे शासनाची बाजू बळकट होते. अशी हमीपत्रे सहसा न वाचताच सही करून दिलेली असतात, ही गोष्ट वेगळी.

कधी एकच रक्कम दोन्ही खात्यांत बसते. ज्या आस्थापना लिपिकाने ते वेतन चुकीचे निश्चित केले, त्याच्या बाबतीत तेच अतिप्रदान शासनाचे नुकसान म्हणून मांडले जाऊ शकते. मग निष्काळजीपणा सिद्ध करावा लागतो, आणि तो लिपिक चौकशीविनाच निवृत्त झालेला असला तर 4 वर्षांची मर्यादाही आड येते. आणि वेतननिश्चितीतली चूक उघडकीस येईपर्यंत ती बहुधा केव्हाच उलटलेली असते.