हेंडरसन, हॅमिश

हेंडरसन, हॅमिश : (११ नोव्हेंबर १९१९ – ८ मार्च २००२). स्कॉटिश लोकसाहित्य-संशोधक, कवी, गीतकार व अनुवादक. एडिंबरो पीपल्स फेस्टिव्हलच्या संस्थापकांपैकी एक. जन्म पर्थशरमधील ब्लेअरगाउरी येथे. आई जॅनेट परिचारिका होत्या. पहिल्या महायुद्धात त्यांनी फ्रान्समध्ये काम केले होते. हॅमिश यांच्या वडिलांविषयी एकवाक्यता नाही. त्यांचा संबंध उमराव घराण्याशी जोडणारी कथा बरीच पसरलेली असली, तरी तिला भक्कम आधार दिसत नाही. बालपण ग्लेनशी खोऱ्यात, शालेय शिक्षण लंडनच्या डलिच कॉलेजात आणि पुढचे केंब्रिजच्या डाउनिंग कॉलेजात झाले. तेथे त्यांनी आधुनिक भाषांचा अभ्यास केला. १९३९ मध्ये जर्मनीत असताना ज्यू निर्वासितांना मदत करणाऱ्या क्वेकर या ख्रिस्ती पंथाच्या मंडळींचे निरोप त्यांनी पोहोचवले.

दुसऱ्या महायुद्धात ते गुप्तवार्ता अधिकारी होते. ५१व्या हायलँड डिव्हिजनबरोबर ते उत्तर आफ्रिका व सिसिलीत होते, पुढे इटलीतही. ‘एलेजीज फॉर द डेड इन सिरेनेइका’ (१९४८) हा काव्यसंग्रह उत्तर आफ्रिकेच्या वाळवंटातील लढाईतून आला. त्यातील शोक दोन्ही बाजूंच्या मृतांसाठी आहे. या संग्रहाला १९४९ चा सॉमरसेट मॉम पुरस्कार मिळाला आणि त्या पैशावर इटलीत जाऊन त्यांनी इटालियन मार्क्सवादी विचारवंत ग्राम्शी यांच्या तुरुंगातील पत्रांचे इंग्रजी भाषांतर केले. ते छापून येण्यास मात्र १९७४ साल उजाडले.

सैनिकांच्या तोंडची गाणी गोळा करून त्यांनी १९४७ मध्ये ‘बॅलड्स ऑफ वर्ल्ड वॉर टू’ हे संकलन काढले. इटलीतील आघाडीवरच्या सैनिकांचे ‘डी-डे डॉजर्स’ (नॉर्मंडीवरील ‘डी-डे’ चढाई चुकवणारे) हे उपरोधिक गीत अनेकदा हेंडरसन यांच्याच नावावर सांगितले जाते. मूळ रचना लान्स सार्जंट हॅरी पिन यांची असल्याची परंपरा आहे. वेगवेगळे पाठ जमवून त्यांना हेंडरसन यांनी आकार दिला, एवढे मानणे सयुक्तिक ठरते. अशा गीतांत कर्तृत्वाचा प्रश्न कितपत सुटू शकतो, हा भाग वेगळा.

पीपल्स फेस्टिव्हलच्या उगमाबाबत थोडे विस्ताराने सांगणे आवश्यक आहे. १९४७ मध्ये एडिंबरो आंतरराष्ट्रीय महोत्सव सुरू झाला. त्याच वर्षी आठ नाट्यसंस्था निमंत्रणाविना आल्या आणि त्यांनी आपापले प्रयोग केले. पुढच्या वर्षी नाटककार रॉबर्ट केंप यांनी अशा प्रयोगांना उद्देशून ‘फ्रिंज’ हा शब्द वापरला. पीपल्स फेस्टिव्हल त्यानंतरचा, १९५१ चा. म्हणून हेंडरसन यांना ‘फ्रिंजचे जनक’ म्हणण्याचा प्रघात कालक्रमाशी जुळत नाही. पीपल्स फेस्टिव्हलमुळे फ्रिंजला लोकाभिमुख वळण मिळाले, हे सौम्य मत अधिक ग्राह्य वाटते. हा उत्सव एकट्याचा नव्हता. कामगार संघटना, मजूर पक्ष व कम्युनिस्ट पक्ष यांच्याशी संबंधित कार्यकर्त्यांची समिती तो चालवी. महागड्या अधिकृत महोत्सवात सामान्य एडिंबरोकराला आणि स्कॉटिश कलेला जागा नाही, ही त्यामागची तक्रार होती.

हेंडरसन यांच्याकडे ‘केयली’ची जबाबदारी होती. केयली म्हणजे गाणी, वाद्ये आणि गप्पागोष्टींची बैठक. १९५१ च्या ऑगस्टअखेर फॉरेस्ट रोडवरील ऑडफेलोज हॉलमध्ये ती भरली. ईशान्येकडचे शेतकरी जॉन स्ट्रॅकन, मासळी विकणाऱ्या जेसी मरे, फिरस्ते गायक जिमी मॅकबेथ, बॅरा बेटावरच्या गेलिक भाषेतील गायिका फ्लोरा मॅकनील आणि बॅगपाइपवादक जॉन बर्जेस असे कलावंत शहरी श्रोत्यांपुढे एकाच मंचावर आले. अमेरिकन संग्राहक ॲलन लोमॅक्स यांनी ते ध्वनिमुद्रित केले. स्कॉटलंडमधील लोकगीत-पुनरुज्जीवनाचा आरंभ बरेच अभ्यासक या रात्रीपासून धरतात. पुढे कम्युनिस्टांचा प्रभाव असल्याचे कारण देऊन मजूर पक्षाने उत्सवाला प्रतिबंधित संघटनांच्या यादीत टाकले आणि १९५४ नंतर तो बंद पडला.

एडिंबरो विद्यापीठात १९५१ मध्ये स्थापन झालेल्या स्कूल ऑफ स्कॉटिश स्टडीजमध्ये हेंडरसन यांनी १९८७ पर्यंत काम केले. १९५३ मध्ये ॲबर्डीनमध्ये त्यांना लोकगायिका जीनी रॉबर्टसन भेटल्या. दमलेल्या जीनींनी त्यांना दारातूनच परत पाठवायचे ठरवले होते. हेंडरसन यांनी ‘द बॅटल ऑफ हार्लॉ’चे एक कडवे म्हटले, ते चुकले म्हणत जीनींनी स्वतः ते गाऊन दाखवले, अशी हकीगत सांगतात. ब्लेअरगाउरीच्या परिसरात रास्पबेरीच्या तोडणीला येणाऱ्या भटक्या कुटुंबांच्या पालांवर ते ध्वनिमुद्रक घेऊन जात. ज्यांना गावकरी दारात उभे करत नसत, त्यांच्याकडे बॅलडची (कथागीताची) सर्वांत जुनी व समृद्ध परंपरा टिकून आहे, हे त्यांनी दाखवून दिले. लोकगीतांच्या वाङ्मयीन मूल्यावरून स्कॉटिश कवी ह्यू मॅकडर्मिड यांच्याशी ‘द स्कॉट्समन’च्या पत्रव्यवहारात झालेली त्यांची खडाजंगी प्रसिद्ध आहे.

त्यांची स्वतःची गीते बहुधा बॅगपाइपच्या प्रचलित चालींवर बांधलेली आहेत. संगीत नाटकांच्या पुस्तकांत पदाच्या डोक्यावर मूळ चाल छापलेली पाहिलेल्या वाचकाला ही रीत ओळखीची वाटेल. ‘फेअरवेल टू सिसिली’ची चाल पाइप मेजर जेम्स रॉबर्टसन यांची आहे. ‘फ्रीडम कम-ऑल-यी’ (१९६०) हे स्कॉट्स बोलीतील गीत पहिल्या महायुद्धातील ‘द ब्लडी फील्ड्स ऑफ फ्लँडर्स’ या चालीवर आहे. अण्वस्त्रविरोधी मोर्चेकऱ्यांसाठी लिहिलेल्या या गीतात साम्राज्याच्या कामी आलेल्या स्कॉटिश सैनिकांविषयी अभिमान नसून खंत आहे. ते राष्ट्रगीत व्हावे ही सूचना खुद्द कवीला पसंत नव्हती. २०१४ च्या ग्लासगो राष्ट्रकुल क्रीडास्पर्धेच्या उद्घाटनात दक्षिण आफ्रिकेच्या गायिका पुमेझा मात्शिकिझा यांनी ते गायिले.

१९८३ मध्ये थॅचर सरकारच्या अण्वस्त्रधोरणाच्या निषेधार्थ त्यांनी ओबीई हा ब्रिटिश किताब नाकारला. निबंधसंग्रह ‘एलियस मॅकएलियस’ (१९९२) आणि समग्र कविता व गीते (२०००) उत्तरायुष्यात प्रसिद्ध झाली. एडिंबरो येथे त्यांचे निधन झाले. त्यांची अनेक ध्वनिमुद्रणे आता ‘टोबर अन दुअलखाइस’ या संकेतस्थळावर ऐकता येतात.