निविदेत डावललं, किंवा बिल अडलं: दाद कुठे मागायची, कागद कोणते लागतात

मामा (माजी मालगुजारी) तलावाची दुरुस्ती असो की पाणंद रस्ता, भंडारा-गडचिरोलीकडच्या लहान ठेकेदाराचं भांडण बहुधा दोनच जागी सुरू होतं. एक तर दर उघडण्याआधीच, पात्रतेचे कागद तपासणाऱ्या तांत्रिक लिफाफ्यात तो अपात्र ठरतो, नाहीतर काम करूनही बिल अडतं. दोन्हींचे रस्ते वेगळे आहेत. चुकीचा धरला की वर्षं वाया जातात. म्हणून पहिला प्रश्न हाच: करारनाम्यावर सही झाली आहे का?

सही होण्याआधी

महाटेंडर्स या राज्याच्या ई-निविदा संकेतस्थळावर अपात्रतेचं कारण दिसताच त्याची प्रत काढून ठेवा. निविदा मागवणाऱ्या अधिकाऱ्याकडे लेखी हरकत द्या आणि आपल्या प्रतीवर आवक क्रमांक व शिक्का घ्या. तोंडी तक्रारीला पुढे काहीच किंमत नसते. दाद मिळाली नाही तर संविधानाच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात रिट याचिका करता येते.

ही याचिका साधारणपणे निविदा भरणाऱ्यानेच करायची असते. निविदेतली अटच जाचक असेल, तर निविदा भरण्याची मुदत संपण्याआधीच तिला आव्हान द्या. अट मान्य करून भाग घेतला आणि काम गेल्यावर तक्रार केली, तर ती सहसा टिकत नाही.

सोबत निविदा सूचना, शुद्धिपत्रकं, भरलेल्या कागदांच्या प्रती, बयाणा रकमेची पावती, ठेकेदार नोंदणी प्रमाणपत्र, अपात्रतेचं कारण, हरकतीची पोच, प्रतिज्ञापत्र आणि वकीलपत्र लागतं. ज्याला काम मिळालं त्यालाही प्रतिवादी करा.

न्यायालय दर तपासत बसत नाही. निर्णय कसा घेतला गेला, त्यात मनमानी किंवा पक्षपात होता का, एवढंच पाहतं. टाटा सेल्युलर खटल्यापासून (1994) हेच सूत्र आहे. 2022 मध्ये एन. जी. प्रोजेक्ट्सच्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की पायाभूत कामांना स्थगिती देणं शक्यतो टाळावं आणि अन्याय झालेल्याला नुकसानभरपाईकडे पाठवावं. त्यामुळे इथे प्रत्येक दिवस मोलाचा आहे. कार्यारंभ आदेश निघून गिट्टी पडली की हाती फारसं उरत नाही.

काळ्या यादीत टाकलं असेल तर आधी कारणे दाखवा नोटीस काढून वाचा. काळ्या यादीची कारवाई प्रस्तावित आहे हे त्या नोटिशीतून स्पष्ट व्हायला हवं, असं 2014 चा गोरखा सिक्युरिटी निकाल सांगतो.

सही झाल्यानंतर

इथे सगळ्यात जास्त फसगत बी-1 करारनाम्याच्या, म्हणजे सरकारी कामांच्या ठरीव नमुन्यातल्या कराराच्या, कलम 30 मुळे होते. अधीक्षक अभियंत्याचा निर्णय अंतिम, असं त्यात असतं, आणि अनेकजण तेच लवादाचं कलम समजून लवाद, म्हणजे न्यायालयाबाहेर वाद सोडवणारा पंच, नेमून मागतात. 2013 मध्ये 'विष्णू विरुद्ध महाराष्ट्र राज्य' या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हे लवादाचं कलम नाही, असं ठरवलं. तेव्हा कलमातल्या मुदतीत वरिष्ठांकडे अपील करा आणि तिथे न्याय मिळाला नाही तर दिवाणी दाव्याची तयारी ठेवा. दावा 3 लाख किंवा त्याहून मोठा असेल तर तो वाणिज्य न्यायालयात जातो आणि तातडीची मागणी नसेल तर आधी मध्यस्थी करावी लागते. शासनाविरुद्ध दाव्याआधी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 80 ची दोन महिन्यांची नोटीस लागते. पैशाच्या दाव्याची मुदत साधारण 3 वर्षं. साहेबांच्या आश्वासनांवर ती थांबत नाही.

करारात खरंच लवादाचं कलम असेल, तर 1996 च्या लवाद कायद्याच्या कलम 21 खाली नोटीस द्या. समोरच्याने दाद दिली नाही तर लवाद नेमण्यासाठी कलम 11 खाली उच्च न्यायालयात अर्ज करा.

मोजमाप पुस्तिका, म्हणजे झालेल्या कामाची मोजमापं नोंदवलेली विभागाची वही, हा या भांडणाचा कणा आहे. मोजमाप पटत नसेल तर सहीसोबत 'हरकत राखून' असं लिहा. अंतिम बिलावर निमूट सही केली की तेच पुढे आपल्यावर उलटतं. पुस्तिकेची प्रत माहिती अधिकारात मागा: फी 10 रुपये, उत्तराची मुदत 30 दिवस. पावसात काळ्या मातीत ट्रॅक्टर रुतला, जागा ताब्यात मिळाली नाही, ही कारणं कामाची मुदत संपण्याआधीच मुदतवाढीच्या अर्जात लिहा, फोटोसकट.

पेटी ठेकेदारांची, म्हणजे मूळ ठेकेदाराकडून काम घेणाऱ्या उपठेकेदारांची, मला सर्वाधिक काळजी वाटते. घाम त्यांचा गळतो, पण विभागाशी त्यांचा करारच नसतो. म्हणून त्यांना दाद मूळ ठेकेदाराकडेच मागावी लागते. काम हाती घेण्याआधी त्याच्याशी स्टॅम्प पेपरवर करार करा आणि प्रत्येक हप्ता बँकेतूनच घ्या.