व्हिएन्नात एकच दिवस आहे? मग होफबुर्ग की शॉनब्रुन ते आधी ठरवा

युरोप टूरवाल्यांच्या प्लॅनमध्ये व्हिएन्नाला बहुतेक वेळा एकच दिवस येतो आणि त्या दिवसाच्या यादीत 'राजवाडा' एवढंच लिहिलेलं असतं. कोणता राजवाडा हे विचारलं की समोरचा म्हणतो, अरे तोच तो, सिसी राणीचा, पिवळा. तर गोची अशी की सिसीचे राजवाडे दोन आहेत, दोन्हीकडे तिचे फोटो, दोन्हीकडे तिच्या नवऱ्याची, म्हणजे बादशहा फ्रान्झ जोसेफची खोली, दोन्हीकडे तिकिटाची रांग, आणि गूगलवर घाईत बुकिंग करताना लोक एकाचं तिकीट काढून दुसऱ्याच्या गेटवर उभे राहतात.

आधी पत्ता. होफबुर्ग शहराच्या अगदी पोटात आहे, ऑपेरापासून चालत पाच-सात मिनिटं. शॉनब्रुन तिथून पाच-सहा किलोमीटर बाहेर, कार्ल्सप्लात्झहून हिरवी यू-फोर मेट्रो पकडायची, साधारण दहा मिनिटांत शॉनब्रुन नावाचंच स्टेशन येतं. आपल्याकडे मुंबईचा गव्हर्नर उन्हाळा आला की महाबळेश्वरला मुक्काम हलवायचा ना, तसाच हा प्रकार, ऑस्ट्रियाचं हाब्सबुर्ग राजघराणं हिवाळ्यात होफबुर्गला आणि उन्हाळ्यात शॉनब्रुनला. म्हणजे एक ऑफिस कम घर आणि दुसरं सुट्टीचं घर, फक्त सुट्टीच्या घरात खोल्या १४४१!

होफबुर्ग मुळात 'एक राजवाडा' नाहीच. तेराव्या शतकात किल्ला म्हणून सुरू झालं आणि पुढे जो गादीवर आला त्याने एक विंग वाढवली, हे विसाव्या शतकापर्यंत चालूच होतं. त्यामुळे तिथे गेल्यावर 'मेन एंट्रन्स कुठेय' हा प्रश्नच चुकीचा ठरतो. बादशहाच्या खोल्या आणि सिसी म्युझियम एका तिकिटावर, खजिना म्हणजे शात्झकामर वेगळ्या तिकिटावर, जुन्या लायब्ररीचा भव्य हॉल वेगळा, लिपिझानर घोड्यांची स्पॅनिश रायडिंग स्कूल आणखी वेगळी. ऑस्ट्रियाच्या राष्ट्राध्यक्षांचं ऑफिससुद्धा याच आवारात आहे. आणि यातली गंमत ही की सगळी चौकं, कमानी पब्लिकला मोकळ्या आहेत, लोक ऑफिसला जाताना तिथून शॉर्टकट मारतात, बग्ग्या टपटप करत जातात, कोणी तिकीट विचारत नाही.

शॉनब्रुन याच्या बरोबर उलटं, एकसंध, एका बाईच्या मर्जीतून घडलेलं. सुरुवात आधीच्या बादशहाच्या काळात झाली होती पण आज दिसतं ते रूप मारिया थेरेसाने १७४० च्या दशकात पाकासी नावाच्या आर्किटेक्टकडून करून घेतलं. सोळा मुलांची आई आणि राज्यकारभारही तिच्याच हातात! सहा वर्षांच्या मोत्सार्टने १७६२ मध्ये इथेच तिच्यासमोर वाजवून दाखवलं आणि मग उडी मारून तिच्या मांडीवर बसला असं सांगतात. फ्रान्झ जोसेफ १८३० मध्ये इथेच जन्मला आणि १९१६ मध्ये इथेच गेला, आणि दोनच वर्षांनी त्याच्या वारसाने कारभारातून बाजूला होत असल्याच्या कागदावर सही केली तीही इथल्याच एका निळ्या चिनी खोलीत. मागे मैलभर बाग, टेकडीवर १७७५ चं ग्लोरिएट, म्हणजे कमानींचा मोठा मंडप, कडेला १७५२ पासूनचं प्राणिसंग्रहालय. प्राणिसंग्रहालयाला तिकीट आहे, पण मुख्य बागेत फिरायला नाही.

आपल्या लोकांनी शॉनब्रुनमध्ये एक खोली चुकवू नये असं मला फार वाटतं, मिलियन्स रूम. रोझवूडच्या भिंती आणि त्यात सोनेरी चौकटी करून बसवलेली मुघल दरबाराची लघुचित्रं. बादशहा, शिकार, बागेतल्या बायका, सगळं आपल्या ओळखीचं. पण जवळ जाऊन नीट बघितलं की कळतं, ही चित्रं अख्खी नाहीयेत. राजघराण्यातल्या लोकांनी मूळ चित्रं कात्रीने कापली आणि चौकटीच्या आकारात मावतील अशी नव्याने जुळवून चिकटवली. म्हणजे एका चित्रातला माणूस दुसऱ्याच चित्राच्या बागेत उभा. बघताना जीव हळहळतो आणि नजरही हटत नाही. पण लक्षात ठेवा, तिकिटं लहान-मोठी असतात, ही खोली हुकू नये म्हणून साधारण चाळीस खोल्यांचं मोठं तिकीट घेतलेलं बरं. टूर कंपनीने 'शॉनब्रुन इन्क्लुडेड' म्हटलं की कोणतं, हे विचारून घ्या.

आता मुद्द्याचं, एका दिवसात दोन्ही आतून बघावेत का? माझं स्पष्ट मत, नको. कारण फ्रान्झ जोसेफ. हा माणूस दोन्हीकडे सारखाच साधा राहायचा, लोखंडी पलंग, लिहायचं टेबल, घरच्यांचे फोटो, आणि सकाळी होफबुर्गमध्ये हे बघून दुपारी शॉनब्रुनमध्ये परत तेच बघितलं की संध्याकाळी कुठली खोली कुठली ते कोणालाच आठवत नाही, ऑडिओ गाइड कानात चालू राहतो आणि डोकं बंद.

मग एक आतून, दुसरा बाहेरून. माझी पसंती सकाळचा पहिला स्लॉट शॉनब्रुनचा, मोठं तिकीट, मग ग्लोरिएटपर्यंत चढून शहर बघायचं आणि दुपारी मेट्रोने परत. होफबुर्ग मग चालता चालता होतं: ऑपेराकडून बुर्गगार्टनमधला मोत्सार्टचा पुतळा, योझेफ्सप्लात्झ, लाल-काळा श्वाइत्झर दरवाजा, मोठा चौक आणि घुमटाखालून मिखाएलरप्लात्झ, तिथे रस्त्याच्या मधोमध रोमन काळातले अवशेष उघडे ठेवलेत तेही दिसतात. पुढे कोलमार्क्टने ग्राबेन आणि स्टेफान कॅथेड्रल.

पाय शाबूत असतील तर वाटेत शात्झकामर करा, तास-दीड तास पुरतो. पवित्र रोमन साम्राज्याचा दहाव्या शतकातला अष्टकोनी मुकुट आहेच, पण मला तिथला तो लांबलचक पिळाचा दात जास्त आवडतो, नरव्हाल नावाच्या समुद्री प्राण्याचा, जो त्या काळी एकशिंगी घोड्याचं शिंग समजून अनमोल ठेवा म्हणून जपला होता. हा खजिना मंगळवारी बंद असतो.

उलटा क्रम कोणी करावा? ज्याला सिसीतच इंटरेस्ट आहे त्याने. तिची पायघोळ केसांची निगा, त्यात रोज जाणारे दोन-तीन तास, व्यायामाच्या रिंगा लटकवलेली तिची खोली, १८९८ मधला जिनिव्हातला खून, हे सगळं होफबुर्गमध्ये नीट मांडलंय, शॉनब्रुनमध्ये ती त्यामानाने पाहुणीच वाटते. पावसाळी किंवा कडाक्याच्या थंडीच्या दिवशीही होफबुर्गच बरं, कारण बागेशिवाय शॉनब्रुनची अर्धी मजा जाते. सोबत लहान मुलं असतील तर मात्र विचारच करू नका, शॉनब्रुन.

सिसी पास नावाचं एक कॉम्बो तिकीट मिळतं, त्यात दोन्हीकडच्या खोल्या येतात, शात्झकामर येत नाही. दोन दिवस असतील तर घ्या, एका दिवसासाठी तो घेतला की पैसे वसूल करायच्या नादात दोन्हीकडे धावपळ होते. आणि चित्रकार क्लिम्टचं प्रसिद्ध चित्र 'द किस' यातल्या कुठल्याच राजवाड्यात नाही बरं का, ते बेल्वेडेअरला, म्हणजे तिसऱ्याच राजवाड्यात, आणि तिथेही वरचा आणि खालचा असे दोन आहेत. चित्र वरच्यात आहे.