एका रिळाचा वेस्टर्न: पार्श्वभूमी

वेस्टर्न म्हणजे अमेरिकेच्या पश्चिम भागातल्या घोडेस्वारांचा, दरोडेखोरांचा चित्रपट. १९०३ च्या ‘द ग्रेट ट्रेन रॉबरी’ या अशाच मूकपटातल्या रेल्वे दरोड्याची कथा इथे पुन्हा सांगायला नको. त्यातला ‘पश्चिम’ पूर्वेकडच्या न्यू जर्सीत उभा केला होता, हेही जुनेच. पण प्रेक्षकांवर थेट पिस्तूल झाडणारा दरोडेखोर सुरुवातीला दाखवायचा की शेवटी, हे खेळ लावणाऱ्याने ठरवावे, असे निर्मात्यांच्या सूचीतच छापले होते.

ही मोकळीक फार टिकली नाही. डिसेंबर १९०८ मध्ये चित्रपट-यंत्रांच्या पेटंटधारक कंपन्यांनी गट बांधला आणि एक रीळ, म्हणजे साधारण १,००० फूट, हे धंद्याचे माप पक्के केले. खरा वाद इथला: चित्रपट एवढाच छोटा का ठेवला? पाच सेंटांच्या थिएटरांना कार्यक्रम सतत बदलावा लागे, लांब चित्रपट त्यांनाच नको होते, असे गटाचे समर्थक सांगतात. ते निम्मेच खरे. चित्रपटाचा भाव फुटांवर ठरलेला, मग कथा कशीही असो. जादा खर्च कोण करणार? गोष्ट दोन रिळांची झालीच, तर कधी कधी निम्मी आज, निम्मी नंतर सोडली जाई. वेस्टर्नमधली माणसे उथळ असतात हा आरोप नट-लेखकांवर करण्याआधी ही फूटपट्टी पाहावी. पंधरा मिनिटांत दरोडा, पाठलाग आणि पश्चात्ताप उरकायचा, तर टोपी आणि घोड्यावरूनच माणूस ओळखू यायला हवा. कॅलिफोर्नियातल्या नाइल्सला एका नट-दिग्दर्शकाने तोच नायक वर्षानुवर्षे चालवला: एका चित्रपटात मेला, तरी पुढच्यात घोड्यावर हजर.

गटाबाहेरच्यांनी १९१२ च्या सुमारास दोन रिळे, लाकोटा या मूळनिवासी जमातीचे कलाकार आणि फिरत्या खेळातले घोडेस्वार घेऊन सांता मोनिकाजवळ मोठ्या लढाया रंगवल्या. पडद्यावरच्या चित्रणाविरुद्ध मूळनिवासींच्या प्रतिनिधींनी आदल्याच वर्षी वॉशिंग्टनला तक्रार केली होती. कथांवर परिणाम फारसा दिसत नाही. १९१५ मध्ये न्यायालयाने गट बेकायदा ठरवला.

तोवर मोठे चित्रपट आले होते, तरी छोटा वेस्टर्न संपला नाही. १९२५ ते १९२७ मध्ये एका स्टुडिओने तो नवख्यांना हात बसवायला दिला. पुढे दिग्दर्शनाची तीन ऑस्कर जिंकणाऱ्याने असे वीसेक दोन-रिळी चित्रपट काढले.

त्या काळची नायट्रेटची फिल्म सहज पेट घेई आणि कुजे, त्यामुळे बहुतेक माल नष्ट झाला. २०१० मध्ये न्यूझीलंडमध्ये सुमारे ७५ अमेरिकन मूकपट सापडले. त्यांत १९१० चा, योसेमिटीत चित्रित झालेला एक छोटा वेस्टर्न होता. न्यूझीलंड हे वितरणाच्या साखळीचे शेवटचे टोक. परत पाठवायचे भाडे परवडत नसे, म्हणून रिळे तिथेच राहिली.