पडद्यावरचा न दिसणारा शिक्का

तमिळ चित्रपटाचं नशीब पहिल्या तीन-चार दिवसांतच ठरतं. ते बिघडवायला थिएटरात बसून मोबाइलवर चोरून केलेलं एक चित्रण पुरतं. नोव्हेंबर २०१८ मध्ये रजनीकांतचा '२.०' येण्याआधी मद्रास उच्च न्यायालयाने बारा हजारांहून अधिक संकेतस्थळं बंद करायला सांगितलं होतं. तरीही 'तमिळरॉकर्स' या चोरट्या संकेतस्थळाने प्रदर्शनाच्याच दिवशी चित्रपट फोडला. पत्त्याची शेवटची दोन-तीन अक्षरं बदलली की बंद केलेलं दुकान शेजारच्या दारातून उघडतं.

चित्रपट लवकर फुटला तर किती महागात पडतं, याचं मोजमाप अमेरिकी चित्रपटांवर झालंय. प्रदर्शनाआधीच फुटलेल्या चित्रपटांची तिकीटबारीवरची कमाई, प्रदर्शनानंतर फुटलेल्यांपेक्षा सुमारे १९ टक्के कमी भरते, असं कार्नेगी मेलन विद्यापीठाच्या संशोधकांना २०१४ मध्ये दिसलं. म्हणून गळती नेमकी कुठून झाली, हे झटपट कळणं फार मोलाचं आहे. त्याचं उत्तर पडद्यावरच्या उजेडातच लपवलेलं असतं.

चित्रपट थिएटरात कुलूपबंद फाइल होऊन येतो. चेन्नईच्या क्यूब सिनेमासारख्या कंपन्यांचे सर्व्हर तो ठरलेल्या किल्लीने उघडतात, आणि पडद्यावर जाता जाता चित्रात खूण मिसळतात. हॉलिवूड स्टुडिओंनी २००५ मध्ये ठरवलेल्या मानकानुसार ही खूण ३५ बिटांची, म्हणजे शून्य किंवा एक अशा ३५ अंकांची असते. त्यातले १६ बिट वेळेचे. दर पंधरा मिनिटांना एक याप्रमाणे दिवसाचे ९६ आणि लीप वर्षाचे ३५,१३६ कप्पे होतात. १६ बिटांत ६५,५३६ आकडे मावतात, म्हणजे वर्षभराची सोय झाली. उरलेल्या १९ बिटांत सव्वापाच लाख ओळखक्रमांक बसतात. दोन्ही मिळून कुठलं यंत्र, कुठला खेळ हे कळतं.

ही खूण पुसली का जात नाही? मोबाइलच्या चित्रणात बारीक तपशील आधी मरतो. चित्र तिरकं येतं, फाइल दाबून लहान करताना कडा विरघळतात. पण पडद्याच्या मोठ्या भागाचा उजेड हळूहळू, अगदी किंचित कमीजास्त केला, तर डोळ्याला कळत नाही आणि कॅमेऱ्यात मात्र टिकतो. सगळे ३५ बिट दर पाच मिनिटांत पुन्हा येतात. अर्ध्या तासाचं चित्रण हाती लागलं की ओळख पटावी, अशी मानकाची अट आहे. मला ही कल्पना विलक्षण सुंदर वाटते.

मात्र खूण थिएटर दाखवते, खुर्ची नाही. चोर हाती लागायला डोळ्यांत तेल घालून बसलेली माणसंच लागतात. जुलै २०२४ मध्ये तिरुवनंतपुरमच्या एका थिएटरात धनुषचा 'रायन' मोबाइलवर टिपताना एकजण पकडला गेला. सिनेमॅटोग्राफ कायद्याच्या २०२३ च्या दुरुस्तीनंतर अशा गुन्ह्याला तीन वर्षांपर्यंत कैद आहे, आणि दंड निर्मितीखर्चाच्या पाच टक्क्यांपर्यंत जाऊ शकतो. छोट्या निर्मात्याला हा कायदा फार आधी हवा होता.

आता स्वच्छ प्रती ओटीटीवरूनही फुटतात. तिथे चित्रपटाच्या प्रत्येक तुकड्याच्या दोन किंचित वेगळ्या आवृत्त्या ठेवतात, आणि प्रत्येक ग्राहकाला त्यांचा वेगळा क्रम मिळतो. यावर चोरांनी तोडही काढली: दोन-चार खात्यांच्या प्रती एकमेकींत मिसळायच्या. गणितज्ञ गाबोर टार्डोश यांनी २००३ मध्ये अशा टोळीतला निदान एक सदस्य तरी ओळखता येईल असे संकेत, म्हणजे असे क्रम, रचले. त्यांची लांबी टोळीच्या आकाराच्या वर्गाच्या प्रमाणात वाढते. टोळी दुप्पट झाली, की संकेत चौपट लांब हवा.