दोन ओळींचा आदेश: परिविक्षाधीन कर्मचारी आणि बाजू मांडण्याचा हक्क

‘परिविक्षा कालावधीत आपले काम समाधानकारक न आढळल्याने आपली सेवा समाप्त करण्यात येत आहे.’ परिविक्षा म्हणजे प्रोबेशन, कायम करण्याआधी माणूस पारखून घेण्याचा काळ. आस्थापना शाखेतून निघणारं हे वाक्य वरवर कोरडं वाटतं, पण ते फार जपून घडवलेलं आहे. लाच, अफरातफर, उद्धटपणा यांपैकी कशाचाही त्यात उल्लेख नसतो. उल्लेख आला की विभागीय चौकशी मागे लागते; नसला तर ती टाळता येते. प्रोबेशनवरच्या माणसावर उघड आरोप झाला तर त्याला बाजू मांडायला मिळते आणि गोड शब्दांत घरी पाठवलं तर मिळत नाही, असा हा उलटा न्याय आहे. तो एका रात्रीत झालेला नाही.

ब्रिटिश काळात सरकारी नोकर ‘राजाची मर्जी असेपर्यंत’ नोकर असे. १९१९ च्या भारत सरकार कायद्याच्या कलम ९६-ब मध्ये या मर्जीला थोडी वेसण आली. पण नियम मोडले तरी नोकराला त्यासाठी कोर्टात दाद मागता येत नाही, असं प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे लंडनमधल्या तेव्हाच्या सर्वोच्च अपील न्यायालयाने, नंतर सांगून टाकलं. १९३५ च्या कायद्यातल्या कलम २४० ने मात्र बडतर्फीपूर्वी कारण दाखवण्याची वाजवी संधी देणं कायद्यातच लिहिलं. तीच तरतूद पुढे राज्यघटनेच्या अनुच्छेद ३११(२) मध्ये आली: बडतर्फी, सेवेतून काढणं आणि पदावनती, या तिन्हींआधी सुनावणी हवी. हे संरक्षण फक्त कायम नोकरांना आहे की प्रोबेशनवरच्यांनाही, हे त्यात स्पष्ट नव्हतं.

सर्वोच्च न्यायालयाचं उत्तर १ नोव्हेंबर १९५७ ला आलं. पुरुषोत्तम लाल धिंग्रा हे रेल्वेतले अधिकारी परिविक्षाधीन नव्हतेच. वरच्या पदावर हंगामी काम करत होते आणि त्यांना खाली आणलं गेलं होतं. तरीही प्रोबेशनच्या प्रत्येक खटल्यात आजही पहिलं नाव त्यांचंच निघतं. सरन्यायाधीश एस. आर. दास यांनी लिहिलं की संरक्षण सगळ्यांना आहे, कायम असो, तात्पुरता असो की परिविक्षाधीन. पण ते फक्त शिक्षा म्हणून काढलं तरच. ज्याचा पदावर हक्कच नाही, त्याला करारानुसार किंवा नियमानुसार जायला सांगणं म्हणजे शिक्षा नव्हे. सरकारच्या मनात काय होतं, म्हणजे हेतू, गौण. शिक्षेचे दुष्परिणाम झाले का, ते पाहायचं. न्या. व्हिव्हियन बोस यांनी वेगळं मत नोंदवलं. सर्वोच्च न्यायालयात जाण्याआधी ते नागपूर उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश होते. आदेशाच्या रूपावर फार भिस्त ठेवण्याला त्यांचा विरोध होता, आणि माझ्या मते पुढची पन्नास वर्षं कोर्ट त्यांच्याच दिशेने हळूहळू सरकत राहिलं.

१९६० मध्ये बिहारच्या गोपी किशोर प्रसाद खटल्यात सरकारने लाचखोरीचा ठपका उघड ठेवून परिविक्षाधीन अधिकाऱ्याला काढलं आणि हरलं. त्याच निकालातून खात्यांनी धडा घेतला तो भलताच: ठपका ठेवूच नका. त्याच सुमारास ओडिशातल्या एका फौजदाराला ‘काम असमाधानकारक’ म्हणून काढलेलं कोर्टाने मान्य केलं, आणि तो शब्द सरकारी मसुद्यांत कायमचा बसला. जगदीश मित्तर खटल्यात साताऱ्यात जन्मलेले न्या. प्र. बा. गजेंद्रगडकर यांनी लिहिलं की ‘सेवेत ठेवण्यास अवांछनीय’ एवढे शब्दसुद्धा नोकरावर कलंक ठरतात, म्हणजे ते काढणं शिक्षाच होतं. मुंबईच्या टेक्स्टाइल कमिशनर कार्यालयातल्या चंपकलाल शाह यांना मात्र अपयश आलं. प्राथमिक चौकशी झाली एवढ्यावरून काढणं ही शिक्षा ठरत नाही, असं कोर्ट म्हणालं. एका शब्दाने नोकरी वाचते, एका चौकशीने वाचत नाही!

१९७४ चा शमशेर सिंग निकाल कायद्याचे विद्यार्थी राज्यपालांच्या अधिकारांसाठी पाठ करतात. मूळ भांडण होतं पंजाबमधल्या दोन परिविक्षाधीन न्यायिक अधिकाऱ्यांचं. सात न्यायाधीशांच्या पीठाने आदेश निरुपद्रवी दिसला तरी त्याच्या मागे पाहता येईल असं म्हटलं, आणि दोघांनाही काढण्याचे आदेश रद्द केले.

मागे पाहणं म्हणजे काय, हे परिविक्षाधीन आयपीएस अधिकारी अनूप जयस्वाल यांच्या प्रकरणात नीट कळतं. जून १९८१, हैदराबादची राष्ट्रीय पोलीस अकादमी. पाऊस पडत होता. पहाटे ५.५० ला कवायतीला हजर राहायचं होतं आणि प्रशिक्षणार्थी सुमारे २२ मिनिटं उशिरा पोहोचले. सगळ्यांकडून खुलासे मागवले गेले. जयस्वाल यांना म्होरक्या ठरवलं गेलं आणि नोव्हेंबरमध्ये त्यांना सेवामुक्तीचा आदेश मिळाला. आदेशात पावसाचा, उशिराचा उल्लेख नाही. सर्वोच्च न्यायालयाने संचालकांची शिफारस आणि आदेश शेजारी ठेवून वाचले, आणि १९८४ मध्ये सांगितलं की गैरवर्तनाचा आरोप हाच या आदेशाचा पाया आहे, चौकशी न करता तो टिकणार नाही. जयस्वाल ज्येष्ठतेसह परत आले.

आरोप काढणाऱ्याच्या नुसता मनात होता (‘हेतू’) की आदेश त्याच्यावरच उभा आहे (‘पाया’), यांतला फरक मात्र तेव्हाही धूसर राहिला आणि आजही वकिलांचं पोट त्यावर भरतं. १९९९ च्या दीप्ती प्रकाश बॅनर्जी निकालाने स्पष्ट केलं की कलंक आदेशातच असायला हवा असं नाही; आदेशात ज्या जुन्या पत्रांचा संदर्भ दिलाय, त्यांतही तो असू शकतो. २००१ मध्ये न्या. रुमा पाल यांनी तीन खुणा एकत्र मांडल्या: रीतसर चौकशी झाली का, ती गैरवर्तनाच्या किंवा नैतिक अधःपतनाच्या आरोपांची होती का, आणि दोषी ठरवलं गेलं का. तिन्ही असतील तर आदेश कितीही साधा दिसो, ती शिक्षाच.

महाराष्ट्रात असे अर्ज १९९१ पासून मॅटकडे, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे जातात. तिथे दोन ओळींच्या आदेशावर वाद घालून फार काही हाती लागत नाही. नस्ती, म्हणजे खात्याची फाइल, मागवावी लागते: गोपनीय अहवाल, लेखी समज दिली होती का, तारखा, आणि मुख्य म्हणजे टिपणी. आदेशात ‘असमाधानकारक’ आणि टिपणीत ‘पैसे घेतल्याची तक्रार, चौकशीत वेळ जाईल, त्यापेक्षा सेवा समाप्त करावी’ असं सापडलं, तर अर्जदाराचा वकील तेच पान वर काढून ठेवतो.